यंदा कुणाच्या नावावर

४ मार्च

मामांना नमस्कार.

फोनवर बोलायला गेलो की मी अर्धं विसरतो आणि उरलेलं उलटं बोलतो, म्हणून लिहितो आहे. पत्र आधी कच्चं लिहिलं आणि मग पक्कं केलं. तरीही चूक राहिली असल्यास सांभाळून घ्यावी.

आधी चांगली बातमी. आमचे मालक पाट्यांचा कारखाना सोडणार आहेत. आता ब्रश धरला की हात थरथरतो, असं त्यांनीच परवा सांगितलं. पंधरा जुलैच्या आत अनामत भरलीस तर जागा, फलक कापायचं यंत्र आणि बांधलेली गिऱ्हाइकं तुझी, असं ते म्हणाले. न भरल्यास समोरच्या छपाईवाल्याने मागणी घालून ठेवलीच आहे. तो पाट्या रंगवणार नाही, तिथे कागदाचे गठ्ठे ठेवणार. शाळा सुटल्यापासून मी याच जागेत वाढलो. पगारातून साठवलेले पैसे अनामतीच्या निम्म्याच्या आसपास जातात. उरलेल्या निम्म्याचा विचार करताना मला आजोबांच्या गोदामाची आठवण झाली.

गोदामाचं भाडं ट्रस्टमध्ये जमा होतं आणि ते मावशीच्या साहेबाचं आणि माझं मिळून आहे, एवढं मला लहानपणापासून माहीत आहे. कोणाला किती, हे आजोबांनी लिहून ठेवलं नाही. दरवर्षी विश्वस्त म्हणून तुम्ही ठरवायचं. आजवर मी कधी विचारलं नाही. पण परवा मामी फोनवर सहज बोलून गेली की गेल्या वर्षीचं सगळं उत्पन्न साहेबाच्या नावावर लावलं. 'सगळं' हा शब्द तिने दोनदा वापरला.

माझी तक्रार नाही. कारण कळलं तर बरं. साहेब दंतवैद्य होणार आहे आणि मी नववीतून शाळा सोडली, तो मावशीचा मुलगा आहे आणि माझी आई आता नाही, ही कारणं मला ठाऊक आहेत. याखेरीज दुसरं असल्यास कळवावं.

तुमचा भाचा


११ मार्च

कानामात्रा,

पत्र पोचलं. मामीने भिंग घेऊन चूक शोधली, एकही सापडली नाही. मात्र 'माझी तक्रार नाही' हे लिहिताना तू पेन इतकं दाबलंस की ते वाक्य मागच्या बाजूने बोटाला लागतं.

कारण सांगतो. आपल्या औषधाच्या दुकानात मी वजन बघून मात्रा सांगतो. औषध तेच, पण लहान पोराला अर्धा चमचा आणि पैलवानाला दोन. कर तसाच आहे. इथलं कराचं वर्ष तीस जूनला संपतं. त्याच्या आत मी लिहून ठेवलं की यंदाचं भाडं अमक्याचं, की ते अमक्याच्या कमाईत धरतात आणि कर त्याच्या दराने लागतो. कोणाचंच नाव लिहिलं नाही, तर हा पैसा कोणाचा ते ठरलेलं नाही असं म्हणून ट्रस्टकडूनच सगळ्यात वरच्या दराने घेतात. जवळजवळ निम्मं जातं. तुला पगार आहे. तुझं नाव लिहिलं की भाडं पगाराच्या डोक्यावर जाऊन बसतं, आणि डोक्यावरच्याला दर मोठा. साहेबाला दमडीची कमाई नाही, त्याच्या नावावर कर अगदी किरकोळ. ही अक्कल माझी नव्हे, कर सल्लागार बाईंची. विश्वस्ताला मोकळा हात देतात तो याचसाठी, असं त्या म्हणाल्या.

आणि नावावर लावलं म्हणजे हातात दिलं असं नाही, बाबा. पैसा ट्रस्टच्या खात्यातच आहे. गोदामाचं छप्पर दोन जागी गळतं, भाडेकरू रोज दुकानात येऊन माझं डोकं खातो. त्यातून छप्पर करायचं, साहेबाने तशी सहीही दिली आहे. उरेल ते तुम्हा दोघांचं. कागदावर नाव कोणाचं का असेना, त्यात कोणाचं काय जातं?

पोटदुखीची औषधं दुकानात भरपूर आहेत, पण तुझी त्या जातीची दिसत नाही. अनामतीचं बघू. मामी विचारते, वेळेवर जेवतोस का?

मामा


१९ मार्च

साहेब,

बऱ्याच महिन्यांनी लिहितो आहे. तुझा अभ्यास चांगला चालला असेलच.

गोदामाच्या भाड्याचं मामांनी मला समजावून सांगितलं. मला समजलं. तुला कमाई नाही म्हणून तुझं नाव. म्हणजे ज्याने कमाई करायला शाळा सोडली त्याचं नाव नाही. हिशेब बरोबर आहे, मी दोनदा करून पाहिला.

एकच विचारायचं होतं. मावशीने पाठवलेल्या फोटोत तू लांब करडा कोट घालून कॉलेजच्या पायऱ्यांवर उभा आहेस. तसा कोट इथल्या मोठ्या दुकानाच्या खिडकीत असतो. त्या दुकानाची पाटी मी रंगवली, त्यामुळे किंमत मला ठाऊक आहे. नावावर लागलेला पैसा हातात येत नाही असं मामा म्हणतात. तर मग कोट कशातून आला? मी हा हिवाळा मालकांच्या जुन्या जाकिटात काढला, त्याची चेन अर्ध्यावर अडकते. हे सहज लिहिलं.

खरं काय ते कळव. मी कोणाला सांगणार नाही.

तुझा मावसभाऊ


२ एप्रिल

काय रे पाटीवाल्या,

संध्याकाळी वेळ मिळत नाही म्हणून उशीर झाला. कोट उबदार आहे. अस्तर रेशमी आहे आणि आतून दोन खिसे आहेत, ते फोटोत दिसले नसतील म्हणून कळवतो.

सध्या आम्हाला प्लास्टरचे दात कोरायला देतात. माझी दाढ सरांनी हातात घेऊन वर्गाला दाखवली. खोलीतून नदी दिसते. हाताला थोडी पुरळ आली आहे, रसायनांनी असेल, बाकी तब्येत ठणठणीत.

मामांनी कोणाच्या नावावर काय लावलं ते मामांना विचार. मला एवढंच ठाऊक आहे की मी नशीबवान आहे. लहानपणी जेवायला बसलो की तुझं ताट भरलेलं असायचं आणि तू माझ्या ताटात बघत असायचास. तुझी नजर अजून तिथेच आहे, हे वाचून बरं वाटलं.

साहेब


२० एप्रिल

मामांना नमस्कार.

साहेबाचं पत्र आलं. त्याने नाही म्हटलेलं नाही. कोटाला दोन आतले खिसे आहेत असं लिहिलं आहे. ज्याच्या हातात पैसा येत नाही त्याला एवढे खिसे कशाला लागतात, हे मला कळत नाही.

मी उगाच मत्सर करतो असं तुम्हाला वाटेल. मलाही तसं वाटतं. पाटीला अस्तराचा रंग देताना वाटतं, अक्षरं भरताना वाटतं, आणि ब्रश धुताना तर फारच. आजोबांच्या शेवटच्या तीन वर्षांत त्यांच्या खाटेशेजारी मी झोपत होतो. रात्री त्यांना उठवून बसवायचो. साहेब सुट्टीत चार दिवस यायचा. तो आला की आजोबा उशीला टेकून बसायचे, त्याला खुर्ची द्यायचे आणि मला म्हणायचे, 'अरे, साहेबाला पाणी आण.' मी आणायचो. त्याचं साहेब हे नाव तिथूनच पडलं. आता गोदामाचंही तसंच झालं.

काल दुपारी समोरचा छपाईवाला फीत घेऊन कारखान्यात आला. मी खाली बसून एका शाळेच्या फलकावर अक्षरांच्या रेषांसाठी खडूची दोरी मारत होतो. त्याने माझ्याभोवती जागा मोजली. मग म्हणाला, "जरा पाय उचल." मी उचलला. त्याने फीत खालून नेली. मालकांनी फितीचं दुसरं टोक धरलं. त्यांनाही पैसे हवे आहेत.

म्हणून स्पष्ट लिहितो. तीस जूनच्या आत यंदाचं सगळं माझ्या नावावर लावा आणि ते मला हातात द्या. छप्पर गेल्या वर्षीच्या पैशातून होतच आहे. एक वर्ष साहेबाचं झालं, एक माझं होऊ द्या. यापेक्षा जास्त मी कधी मागणार नाही.

तुमचा भाचा


५ मे

कानामात्रा,

तुझं पत्र वाचून मामी दोन दिवस माझ्याशी धड बोलली नाही. तेव्हा मी जाऊन कर सल्लागार बाईंसमोर बसलो.

यंदाचं भाडं पूर्ण हातात आलं तर तुझी उरलेली अनामत जेमतेम भरते. पण तुझ्या नावावर लावलं तर पगारावर चढून त्याचा तिसरा हिस्सा कर जातो, आणि तुला तेवढं कमी पडतं. साहेबाच्या नावावर लावलं तर कर किरकोळ, सगळं शाबूत राहतं आणि तुझा कारखाना होतो. मी साहेबाला फोन करून विचारलं. तो म्हणाला, माझ्या नावावर लावा, आलं की मी सगळं त्याला देतो. मला तर त्याचं कौतुक वाटलं.

तेव्हा तुम्ही दोघं आपसांत ठरवा. एकदा माझ्या मनाने केलं तर एवढं रामायण झालं, यंदा तुमच्या दोघांच्या शब्दाशिवाय मी कोणाचंच नाव लिहिणार नाही. मात्र तीस जून उलटली तर मग तुमचं भांडणही उपयोगाचं नाही. सगळ्यात वरच्या दराने जाईल आणि दोघंही कोरडे राहाल.

मामा


१६ मे

पाटीवाल्या,

मामांनी तुला सांगितलं असेल. यंदाचंही माझ्या नावावर लागू दे. ज्या दिवशी माझ्या खात्यात येईल त्या दिवशी मी तुझ्याकडे वळतं करीन. तुझी अनामत भरेल. फुकट कर भरून सरकारचं घर कशाला भरायचं?

मला यात काहीच त्रास नाही. सही करायची, एवढंच काम. तू कारखान्याचा मालक झालास की माझ्या दवाखान्याची पाटी फुकट रंगवून दे. भावाने भावासाठी एवढं करायचंच असतं.

लवकर हो म्हण.

साहेब


२७ मे

मामांना नमस्कार.

साहेबाचं पत्र आलं. खूप गोड आहे. मी ते तीन वेळा वाचलं आणि दर वेळी जास्त गोड लागलं.

काल अर्ध्या दिवसाची रजा टाकून मी इथल्या कर कचेरीत गेलो. खिडकीवरच्या बाईंना विचारलं की ट्रस्टचा पैसा एखाद्याच्या नावावर लावला आणि त्याने तो दुसऱ्याला द्यायचं कबूल केलं, तर तो कोणाचा? त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "ज्याच्या नावावर त्याचा. द्यायचा की नाही ते त्याच्या मनावर." मी म्हटलं, तोंडी कबुली दिली असली तर? त्या म्हणाल्या, "भाऊ आहे का?" मी हो म्हटलं. तर त्या नुसत्या हसल्या आणि मागच्याला पुढे बोलावलं.

मामा, यंदाचं माझ्याच नावावर लावा. तिसरा हिस्सा गेला तरी चालेल. कमी पडेल ते मी मालकांच्या पाया पडून मागेपुढे करीन. साहेबाच्या खिशातून माझ्या हातात काही पडेल यावर माझा विश्वास नाही, आणि पडलं तरी ते त्याने दिलं म्हणून जन्मभर ऐकावं लागेल. त्यापेक्षा सरकारला गेलेलं परवडलं. सरकार निदान घरी येऊन कोट दाखवत नाही.

हे कारण कृपया साहेबाला कळवू नका. त्याला मी वेगळं लिहितो आहे.

तुमचा भाचा


२७ मे

साहेब,

तुझ्या मोठ्या मनाबद्दल आभारी आहे. पण यंदाचं माझ्याच नावावर लागावं असं मी मामांना कळवलं आहे. माझ्यामुळे तुझ्या शिक्षणात कसलाच अडथळा यायला नको. कर भरावा लागला तर मी भरीन. तू निश्चिंत मनाने अभ्यास कर आणि मामांना तुझा होकार कळव.

तुझा मावसभाऊ


१ जुलै

कानामात्रा,

काल दुपारी लिहून टाकलं. साहेबाने तर तुझ्या पत्राच्या दुसऱ्याच दिवशी फोनवर होकार दिला. यंदाचं सगळं उत्पन्न तुझ्या नावावर. कराची रक्कम बाजूला ठेवून उरलेलं तुझ्या खात्यात आजच पाठवतो आहे. बघ, हातातही आलं. आता तरी नीट जेव.

दुसरी गोष्ट तुला माझ्याकडूनच कळलेली बरी. सही करताना कर सल्लागार बाईंनी गेल्या वर्षीचं विचारलं. पैसा खात्यातच पडून आहे, दोघांचा आहे, असं मी ऐटीत सांगितलं. त्यांनी पेन खाली ठेवलं. म्हणाल्या, दोघांचा कसा? ज्याच्या नावावर लावलात त्याचाच झाला, छपराला वापरलात ते त्याने सही दिली म्हणून, उरलेलं तो मागेल तेव्हा द्यावं लागेल. एवढी वर्षं दुकान चालवलं, पण त्या खुर्चीत मी शाळकरी पोरासारखा बसलो होतो. नाव लिहिण्याने कोणाचं काही जात नाही असं मी धरून चाललो होतो. नाव लिहिणं हेच देणं असतं, हे मला या वयात कळलं.

घरी आल्यावर साहेबाला फोन करून खरं ते सांगितलं. त्याने उरलेलं मागितलं. मी दिलं.

मामा


४ जुलै

मामांना नमस्कार.

पैसे जमा झाले. उपकार विसरणार नाही.

साहेबाने मागितले, हे वाचून मला आश्चर्य वाटलं नाही. उलट मनाला एक प्रकारची शांतता मिळाली. मी त्याच्याबद्दल जे धरून चाललो होतो ते चूक नव्हतं. गोष्ट कायद्याने त्याची आहे हे कळायचा अवकाश, त्याने हात पुढे केला. यंदाचंही त्याच्या नावावर लागलं असतं तर आज माझ्याकडे काय असतं, याचा विचार करून काल मला जेवण गेलं नाही. आपण बरोबर ठरलो तरी जेवण का जाऊ नये, ते कळलं नाही.

मालकांशी बोललो. अनामतीचा सहावा हिस्सा कमी पडतो, तो महिन्यामहिन्याने घ्या म्हटलं. ते बराच वेळ ब्रश पुसत राहिले. मग म्हणाले की तुझ्यावर माझा जीव आहे, पण मला मुलीच्या गावी घर घ्यायचं आहे आणि ते लोक महिन्यामहिन्याने घेत नाहीत. पंधरा तारखेला पूर्ण आण, नाहीतर मला समोरच्याला हो म्हणावं लागेल. छपाईवाल्याने मला आधीच विचारून ठेवलं आहे की त्याच्याकडे गठ्ठे उचलायला राहशील का.

तुमचा भाचा


८ जुलै

पाटीवाल्या,

हे पत्र लिहिताना थट्टा सुचत नाही, त्यामुळे अक्षर थोडं अवघडलेलं दिसेल.

तू माझ्यासाठी काय केलंस ते मला ठाऊक आहे. 'तुझ्या शिक्षणात कसलाच अडथळा यायला नको' असं तू लिहिलंस, तेव्हाच ओळखलं की तुला कळलं आहे. कोणाकडून कळलं ते विचारत नाही. आईने कोणालाही सांगणार नाही असं कबूल केलं होतं, म्हणजे तिच्याकडूनच.

आमच्या कॉलेजात ज्याचं उत्पन्न मर्यादेच्या आत त्याला निम्मी फी माफ असते आणि वसतिगृहात खाट मिळते. गेल्या वर्षीचं सगळं भाडं माझ्या नावावर लागलं आणि मी कागदावर श्रीमंत झालो. फीची सवलत गेली, खाट तेवढी एका वर्षापुरती राहू दिली. हातात काहीच आलेलं नव्हतं, छपराला सही देऊन बसलो होतो, आणि मामांना सांगावं तर त्यांना वाटलं असतं की त्यांनी माझं नुकसान केलं. त्यांनी तर माझं भलं म्हणूनच केलं होतं. म्हणून मी संध्याकाळी इथल्या इस्पितळाच्या धुलाईखान्यात चादरी उकळायला जाऊ लागलो. पुरळ त्या सोड्याची आहे. कोटही तिथलाच. एका रुग्णाचा होता, नातेवाईक न्यायला आले नाहीत, तेव्हा मुकादम बाईंनी मला दिला. फोटो आईला बरं वाटावं म्हणून काढला होता. खोलीतून नदी दिसत नाही, धुलाईखान्याची चिमणी दिसते.

दुसऱ्या वर्षीही मर्यादेच्या वर गेलो असतो तर खाट गेली असती, आणि खाट गेली की शिक्षण संपलं असतं. हे मला मे महिन्यात पक्कं ठाऊक होतं. तरी मी तुला 'माझ्या नावावर लाव' असं लिहिलं. आणि मग रोज वाट पाहत होतो की तू नाही म्हणशील. तुझं 'नाही' आलं त्या दिवशी मी धुलाईखान्यात मोठ्याने गात होतो, बाई म्हणाल्या, परीक्षेचा निकाल लागला का?

तुला तिसऱ्या हिश्शाचा फटका बसला, आणि अनामतीला कमी पडलं, ते मामांनी सांगितलं. म्हणूनच मी गेल्या वर्षीचं उरलेलं मागून घेतलं. त्यातून माझी तुंबलेली फी भरली. तुझी तूट भरेल एवढा ड्राफ्ट सोबत आहे. पंधरा तारखेच्या आत वटव. परत द्यायची भाषा करू नकोस.

साहेब


११ जुलै

साहेब,

ड्राफ्ट मिळाला. मी तो टेबलाच्या खणात ठेवला आहे. बँकेत भरलेला नाही.

तुझं पत्र वाचलं. त्या पत्रातला मी मला फार आवडला. इतका आवडला की मला त्याचाही हेवा वाटला. म्हणून लिहितो आहे, नाहीतर गप्प बसलो असतो आणि तुला कधी कळलं नसतं.

मला काहीच माहीत नव्हतं. मावशीने मला काही सांगितलं नाही. फी, खाट, चादरी, यातलं एक अक्षरही मला ठाऊक नव्हतं. 'शिक्षणात अडथळा' हे मी बरं दिसावं म्हणून लिहिलं. खरं कारण मी त्याच दिवशी मामांना कळवलं होतं. पैसा तुझ्या नावावर लागला तर तू तो गिळशील असं मला वाटत होतं. कर कचेरीतल्या बाईंना विचारूनही आलो होतो. तुझ्या हातून घेण्यापेक्षा तिसरा हिस्सा सरकारला गेलेला बरा, असंही लिहिलं. आणि तू गेल्या वर्षीचं मागितलंस असं कळलं, तेव्हा मी खूश झालो. तू वाईट निघालास म्हणून खूश झालो. ते पत्रही मामांकडे आहे. हवं तर मागून वाच.

तू चादरी उकळत होतास तेव्हा मी इथे बसून तुझ्या कोटाचे खिसे मोजत होतो.

आता तुला सगळं कळलं आहे. ड्राफ्ट पाठवायच्या आधी हे कळलं असतं तर तू पाठवला नसतास, तेव्हा तो तुझाच आहे. परत हवा असल्यास कळव, त्याच कुरियरने पाठवतो. मंगळवारी पंधरा तारीख आहे. काहीच न कळवलंस तर मी तो वटवणार नाही.

तुझा मावसभाऊ


१३ जुलै

पाटीवाल्या,

तुझं पत्र आलं तेव्हा मी चादरींच्या गठ्ठ्यावर बसलो होतो. पहिल्यांदा वाचलं तेव्हा इतका राग आला की उठून दोन फेऱ्या मारल्या. दुसऱ्यांदा वाचलं आणि हसू आलं, ते अजून थांबत नाही. एक माणूस दुसऱ्याला वाचवतो आणि त्याला त्याचा पत्ताही नसतो, वर तो त्याला शिव्या घालत असतो. आपल्या घरात हे असंच व्हायचं होतं.

तू खरं लिहिलंस तर मीही लिहितो. पैसा माझ्या नावावर लागला असता तर मी तुला दिला असता का? दिला असता असं वाटतं. पण शपथेवर सांगता येणार नाही. त्या कचेरीतल्या बाई हसल्या त्या उगाच नाहीत.

आणि मी ते देऊ केलं ते प्रेमाने नव्हे. सुट्टीत आलो की आजोबा मला खुर्ची द्यायचे, हे तू मामांना लिहिलंस म्हणे. खुर्ची पाहुण्याला देतात रे. रात्री पाठीला हात लावून उठवायला ते तुलाच हाक मारायचे. मी पलीकडच्या खोलीत जागा असायचो. एकदा तू गाढ झोपला होतास म्हणून मी उठून गेलो, तर त्यांनी डोळे न उघडता हात चाचपला आणि म्हणाले, 'हा नव्हे.' तेवढं पुरलं मला.

म्हणून तुझं मार्चमधलं पत्र आलं तेव्हा मी खिशांबद्दल लिहिलं. पैसा मिळत नाही असं एका ओळीत सांगता आलं असतं. सांगितलं नाही. माझ्या नावावर लागलेल्यातलं माझ्या हातात आलं ते एवढंच, की तू माझा हेवा करतोस. वर्षभराची तेवढीच कमाई होती, आणि तिच्यावर कोणी कर लावला नाही.

हे पत्र आज रातोरातच्या कुरियरने येतं आहे, ड्राफ्ट उद्या सकाळी बँक उघडताच वटव. मंगळवारची वाट बघू नकोस, तुझा स्वभाव मला माहीत आहे, रांगेत उभा राहून सही बरोबर आली का बघत बसशील. छपाईवाल्याला सांग, जरा पाय उचल.

तू परवापासून मालक. मला अजून दोन वर्षं खाट, चादरी आणि प्लास्टरचे दात. तेव्हा आता जळायची पाळी माझी आहे. मध्येच गरिबीचं रडगाणं लिहून माझी मजा घालवू नकोस.

साहेब